तिथी नसलेल्या दिवसांचा सरदार

आमचे घरमालक माणसाला नावानं ओळखत नसत, छातीच्या मापानं ओळखत. मी नांदेडला कॉलेजात मराठी शिकवायला गेले आणि त्यांच्या माडीवरची खोली भाड्यानं घेतली, तेव्हा सामान चढवायला माझा भाऊ अहमदपूरहून आला होता. त्यांनी त्याच्याकडं एकदा खालपासून वरपर्यंत पाहिलं आणि मला बाजूला घेऊन म्हणाले, "मॅडम, भाऊ अडतीस हाय. पण चालतो चाळीस असल्यावानी." भाऊ आजही त्या वाक्यावर चिडतो. खरं सांगायचं तर त्याच्याबद्दल इतकं नेमकं आमच्या आईलाही कधी बोलता आलं नव्हतं.

दुकान खालीच होतं, लग्नाचे कपडे भाड्यानं देण्याचं. शेरवान्या, फेटे, मोजड्या, मोत्यांच्या माळा, मखमली म्यानातल्या तलवारी. मागच्या गोदामात मोराच्या आकाराची बग्गी आणि लाल गादीची दोन सिंहासनं. मुदखेडपर्यंतचे निम्मे नवरदेव त्यांच्या हातचा फेटा बांधूनच घोडीवर चढलेले. सगळी गल्ली त्यांना चाचा म्हणायची, म्हणून मीही म्हणायला लागले. सकाळची नमाज पढून आले की शटर वर करायचे आणि आधी भिंतीवरचं पंचांग बघायचे. लग्नाच्या तिथ्या तोंडपाठ. गल्लीतले भटजी सायकलवरून जाता जाता हाक मारायचे, "चाचा, पुढच्या पंधरवड्यात काय हाय का हो?" आणि चाचा फेट्याला इस्त्री मारता मारता मान वर न करता सांगायचे.

त्यांच्या लेखी दिवस दोनच प्रकारचे, एक तिथीचा आणि एक बिनतिथीचा. मला एकदा सणकून ताप भरला. चाची काढा घेऊन वर आल्या आणि त्यांच्यामागून जिन्यातूनच चाचांचा आवाज आला, "मॅडम, घाबरू नका! आज तिथी न्हाई. आजच आजारी पडून घ्या!" मी तापातही हसले. चाची मात्र कपाळाला हात लावून म्हणाल्या, "हा माणूस मी मेले तरी आधी पंचांग बघंल."

आणि एक नियम. नवरदेव खोळंबला नाही पाहिजे. बाकी जग बुडालं तरी चालेल. किल्लारीकडच्या एका लग्नाला निघाले असताना जीप वाटेतच बसली. चाचांनी मागून येणारा उसाचा ट्रॅक्टर थांबवला, मोळ्यांवर चढले आणि हँगरला लावलेली शेरवानी डोक्याच्या वर धरून, तसेच उभे राहून लग्नघरापर्यंत गेले. शेरवानीला एक सुरकुती नव्हती. चाचांच्या अंगावर मात्र उसाच्या पात्यांनी इतके ओरखडे काढले होते, की मांजराशी झोंबून आल्यासारखे दिसत होते.

आता असल्या माणसाच्या डोक्यात सिनेमा कुठून शिरला म्हणाल, तर माळेगावच्या जत्रेतून. लहानपणी तिथं तंबूत त्यांनी एक इंग्रजी सिनेमा पाहिला होता. तलवारी, जहाज, घोडे, पिसाची टोपी घातलेला एक सरदार आणि एक दुष्ट सुभेदार. इंग्रजीचा एक शब्द कळला नाही. तरी तो सिनेमा ह्या गड्यानं आयुष्यभर डोक्यात जपून ठेवला. साठी उलटल्यावर एके दिवशी मला म्हणाले, "मॅडम, त्यो सिनेमा आपुन काढू. मराठीत. तलवारी आपल्या, कपडे आपले, घोडी तर हायच. तुमी फक्त डायलॉग लिहा. जरा वजनदार."

त्यांनी मला गोष्ट सांगितली, तीही उभं राहून, हातात मोजपट्टी घेऊन लढत लढत. ऐकता ऐकता मला ओळख पटली. ही एका जुन्या, नावाजलेल्या कादंबरीची गोष्ट होती. मूळ गोष्टीत दोघं भांडतात ते पुरलेल्या खजिन्याच्या नकाशावरून. चाचांच्या गोष्टीत मात्र तो नकाशा होता शेताच्या मोजणीचा. भावकीतल्या चुलतभावानं, म्हणजे सुभेदारानं, मोजणीत खोटेपणा करून सरदाराची जमीन लाटली, असा सगळा मामला.

मी म्हटलं, "चाचा, तो खजिन्याचा नकाशा होता."

"कायचा खजिना?"

"जमिनीत पुरलेलं सोनं."

चाचा माझ्याकडं बघतच राहिले. मग समजुतीच्या सुरात म्हणाले, "मॅडम, दोन भाऊ नकाशा घेऊन एकमेकाच्या नरड्याला लागून राहिले. म्हणजे वाटणीच की हो! सोन्यासाठी कोण एवढं भांडतंय?"

माझ्या चुलत्यांची आणि वडलांची बांधावरची भांडणं बघत मी मोठी झालेली. मी निमूट वहीत लिहून घेतलं, मोजणीचा नकाशा.

सिनेमाची मंडळीही सगळी लग्नातलीच. लग्नाचं शूटिंग करणारा व्हिडिओवाला कॅमेऱ्यावर. बँडवाले संगीताला. घोडीवाला घोडीसकट. आणि सुभेदार म्हणून आमचा आचारी. हा माणूस हजार पानांची बुंदी एकटा पाडायचा आणि त्याची मिशी अशी, की दोन्ही टोकं कानापर्यंत जाऊन थोडी थांबून परत वळलेली. सरदार अर्थात चाचा स्वतः. सोनेरी शेरवानी, डोक्याला फेटा, फेट्यात मोरपीस. पोट जरा पुढं यायचं, पण सरदार खात्यापित्या घरचा होता म्हटल्यावर त्यात वावगं काही नव्हतं.

ह्या सगळ्यांना मोकळा दिवस एकच, बिनतिथीचा. त्यामुळं आमचं शूटिंग पंचांगावर चालायचं. ओळीनं चार दिवस लग्नं लागली की सरदार आणि सुभेदार चार दिवस एकमेकांसमोर तलवारी उगारून तसेच राहायचे, आणि पाचव्या दिवशी पुढचा वार व्हायचा. मधल्या काळात व्हिडिओवाल्याचे केस वाढलेले असायचे, घोडीच्या कपाळावर कुणीतरी हळदीचा टिळा लावलेला असायचा. एका सीनमध्ये सुभेदाराच्या कानामागं अजून अक्षता आहेत. बारकाईनं बघणाऱ्याला दिसतात.

माझ्या डायलॉगचं काय झालं ते विचारू नका. मी रात्रंदिवस डोकं खाजवून लिहिलं होतं, "सुभेदार, अन्यायाची ही इमारत आज तुझ्याच मस्तकावर कोसळेल!" चाचांनी ते मोठ्यानं वाचलं, मान डोलावली, "वा मॅडम, लई भारी," म्हणाले, आणि कॅमेऱ्यासमोर उभं राहून गर्जले, "सुभेदारा! लई झालं!" मी वैतागून म्हटलं, "अहो, माझं वाक्य?" तर म्हणाले, "तेच म्हणलो की, जरा आखूड करून."

जहाजाचा प्रश्न मोठा होता. नांदेडात समुद्र कुठून आणायचा? गोदावरीत बग्गी घालायला व्हिडिओवाला तयार होता, पण बग्गी चाचांची होती. शेवटी चाचांनीच तोड काढली. शहराबाहेर एका शेतकऱ्याची ज्वारी डोक्याएवढी वाढली होती आणि दोन वावरांच्या मधून गाडवाट गेलेली. त्या वाटेवर ट्रॉलीत मोराची बग्गी चढवली, लांब दोर बांधून ट्रॅक्टर पुढं चालता ठेवला आणि कॅमेरा लावला ज्वारीच्या पलीकडं. वारा सुटला, ज्वारी हलायला लागली, आणि तिच्यावरून मोर तरंगत आला. मोरावर चाचा, एका हातात तलवार, दुसरा हात कपाळावर, दूर कुठंतरी बघत. अहो, खरंच समुद्र वाटला! शेतकरी काठी घेऊन धावत आला होता. तोही बांधावर थांबला, बघत राहिला आणि म्हणाला, "परत एकदा आणा बरं ते."

घोडीची कथा निराळी. ती वरातीची घोडी. पळणं तिला माहीतच नव्हतं, नाचणं तेवढं माहीत. पाठलागाच्या सीनमध्ये तिला कशीबशी दुडकी चाल धरायला लावली, चाचा वर ताठ बसले, आणि नेमकी त्याच वेळी आचाऱ्याच्या खिशात मोबाईल वाजला. रिंगटोन वरातीच्या बँडची. झालं! घोडी जागेवर थांबली आणि पुढचे दोन्ही पाय उचलून गोल गोल नाचायला लागली. चाचा ओरडताहेत, "अरे उचल त्यो फोन!" आचारी दुसऱ्या घोड्यावर, त्याचा हात खिशात जाईना. व्हिडिओवाला हसता हसता खाली बसला. चाचांनी तो भाग सिनेमात ठेवला. म्हणाले, "दुश्मनासमोर घोडी नाचवणारा सरदार कोणी पाह्यला का आजवर?"

चाची मात्र ह्या सगळ्याला "यांचा खेळ" म्हणायच्या. "खेळ झाला का? मग जेवा." शूटिंगला कधी आल्या नाहीत. सरदाराचा फेटा उन्हात वाळत घालताना एवढंच म्हणायच्या, की बायका नातवंडं खेळवतात आणि मी नवरा खेळवून राहिले.

असं करत करत शेवट तेवढा राहिला. सरदार आणि सुभेदाराची तलवारबाजी, सुभेदार हरतो, आणि सरदार आपल्या सोनेरी शेरवानीत सिंहासनावर बसतो. चाचांनी हा सीन मुद्दाम मागं ठेवला होता, लहान पोर लाडू मागं ठेवतं तसा. लग्नसराई संपता संपता एक बिनतिथीचा दिवस होता, तो धरला. पुढं ढकलणं शक्य नव्हतं, कारण आचाऱ्याची मिशी. पोरगी पोलीस भरतीत लागली तर केस आणि मिशी तिरुपतीला देईन, असा त्याचा नवस होता. पोरगी लागली. घरच्या सगळ्यांचं रिझर्व्हेशन त्याच दिवशी संध्याकाळच्या गाडीचं झालं होतं. मिशी देवाची होती. आमच्याकडं होती ती संध्याकाळपर्यंत.

आणि शूटिंगच्या आदल्या दिवशी मुदखेडचे एक गृहस्थ दुकानात आले. मी आणि चाची तिथंच मोत्यांच्या माळा ओवत बसलो होतो. त्यांचा मुलगा फौजेत. सुट्टी अचानक कमी झाली, लग्न अलीकडं ओढलं, भटजींनी कशीबशी उद्याची तिथी काढून दिली. पोरानं फोटोत सोनेरी शेरवानी पाहिलेली. त्याला तीच पाहिजे.

चाचांनी मोजपट्टी गळ्यात अडकवली. मग एवढंच विचारलं, "छाती?"

"चाळीस," ते गृहस्थ म्हणाले.

चाचांनी कपाटातून सोनेरी शेरवानी काढली. सरदाराच्या पोटासाठी उसवलेली शिवण होती, ती परत आत घ्यायला बसले. ते गृहस्थ गेल्या गेल्या माझा तोल सुटला. "चाचा, निळी द्या की त्यांना! सबंध सिनेमात तुम्ही सोनेरीत आहात. उद्या आचारी जातोय. मिशी काय परत येणार आहे का?"

चाचा दोरा ओवत म्हणाले, "मॅडम, त्यो पोरगा बर्फात उभा राहतोय. एक दिवस त्यानं सोनेरी मागितली. त्याला निळी देऊ?" मग सुईकडं बघतच म्हणाले, "आपला सरदार खोटा हाय. नवरदेव खरा हाय."

त्यानंतर दिवसभर ते इस्त्री केलेल्याच फेट्यांना पुन्हा इस्त्री मारत राहिले. मी माडीवर जायला निघाले तर चाचींनी मला स्वयंपाकघरात ओढलं. "ह्या माणसानं जिंदगीभर दुसऱ्याला नवरदेव केलं," त्या म्हणाल्या. "आमच्या निकाहात सोता काय घातलं होतं, माहीत हाय का? मोठ्या भावाची शेरवानी. बाह्या अशा लांब, की हात दिसंना. मी पडद्यातून बघून हसले होते." सांगतानाही त्या हसल्या आणि हसता हसता पदरानं डोळे पुसायला लागल्या. मला इतके दिवस वाटत होतं, की ह्या बाईला सिनेमाची कटकट आहे. किती चुकले होते मी!

दुसऱ्या दिवशी आम्ही तिघंही मुदखेडला गेलो. चाचा फेटा बांधायला, चाची पिना घेऊन, आणि मी रजा टाकलेलीच होती म्हणून. रुळांपलीकडच्या मंगल कार्यालयाच्या फाटकातून आत शिरलो, तर समोर काय? आमची घोडी. तिच्या शेजारी आमचे बँडवाले. मंडपात कॅमेरा लावत आमचा व्हिडिओवाला. मागच्या अंगणात कढईपुढं आमचा सुभेदार, मिशीला फडकं बांधून बुंदी पाडतोय. स्टेजवर तर चाचांचीच लाल सिंहासनं. सगळ्यांना आपापली सुपारी वेगवेगळी आलेली. आमचा अख्खा सिनेमा तिथं हजर होता आणि कुणी कुणाच्या डोळ्याला डोळा देत नव्हतं.

चाचांनी फौजीला कपडे घातले. एकेक बटण लावलं. फेटा असा बांधला, की पोरगा आरशासमोरून हलेना. आणि तेवढ्यात दारात उभ्या असलेल्या चाची म्हणाल्या, "बेटा, एक बात बोलू का?"

चाचा दचकले. "तुमी चूप बसा हो."

"तुमी चूप बसा," चाची म्हणाल्या, आणि उभ्या उभ्या त्या पोराला सगळं सांगून मोकळ्या झाल्या. सरदार, सुभेदार, मोजणीचा नकाशा, मिशी, तिरुपतीची गाडी. फौजी ऐकत होता. शेवटी म्हणाला, "किती वेळ लागंल?"

"वरात नाचायला लागतो तेवढा."

त्यानं बटणं काढायला सुरुवात केली. "सुट्टी कमी हाय चाची," तो म्हणाला, "पण एवढीबी कमी न्हाई."

मग जो गोंधळ उडाला! नवरदेवाचा बाप खोलीत आला तर पोरगा डोक्याला फेटा, अंगात बनियन, पंख्याखाली बसलेला. "अरे, नागडा कामून बसला?" मुलीचे मामा तर तापलेच, मुहूर्त टळतोय म्हणून. त्यांना आवरलं खुद्द नवरीनं. शालू सावरत बाहेर येऊन म्हणाली, "मामा, मुहूर्ताला आपल्याकडं कोणाचं लग्न लागलंय आजवर? मला बी बघायचंय." भटजी आमच्याच गल्लीतले. त्यांनी माईक हातात घेतला आणि गंभीर आवाजात सांगितलं, की शुभकार्याला थोडा अवकाश आहे, तोवर पाहुण्यांनी शांतपणे तलवारबाजी पाहावी.

आत घेतलेली शिवण चाचींनी उभ्यानं दातानं तोडली आणि चाचा सोनेरी शेरवानीत बाहेर आले. आचाऱ्यानं मिशीवरचं फडकं सोडलं. बँड वाजला. बायका पोरांना कडेवर घेऊन खुर्च्यांवर चढल्या. तलवारीवर तलवार खणखणली, पण सरदाराला चांगलीच धाप लागत होती. दोनदा ते अडखळले. आचारी माझा डायलॉग साफ विसरला आणि ओरडला, "सरदारा, बुंदी करपून राहिली, लवकर काय ते कर!" मंडपात हशा पिकला. चाचाही हसले, आणि हसत हसतच त्यांनी असा एक वार केला, की सुभेदाराची तलवार उडून घोडीच्या पायाशी पडली. घोडी आधीच नाचत होती.

काय टाळ्या! काय शिट्ट्या! चाचा स्टेजच्या पायऱ्या चढले. सिंहासनासमोर जाऊन मंडपाकडं तोंड करून उभे राहिले. घामानं चेहरा चमकत होता, फेट्यातलं मोरपीस तिरपं झालं होतं. इतका रुबाबदार माणूस मी त्याआधी पाहिला नव्हता आणि नंतरही नाही. चाची दोन्ही हात तोंडावर ठेवून बघत होत्या. आता ते फक्त बसायचे राहिले होते.

ते बसले नाहीत. त्यांची नजर बाजूच्या दाराकडं गेली. तिथं फौजी बनियनवर उभा राहून टाळ्या वाजवत होता. चाचांनी एक बटण काढलं. मग दुसरं. मी लिहिलेल्या कागदात असं काही नव्हतं. सरदारानं सोनेरी शेरवानी अंगातून उतरवली, हात पुढं केला आणि चाचा म्हणाले, "या, राजे."

फौजी पायऱ्या चढून आला. चाचांनी त्याला शेरवानी घातली, सगळी बटणं पुन्हा लावली, कॉलर सारखी केली, खांद्यावरची सुरकुती तळहातानं काढली, कमरेची तलवार सोडून त्याच्या हातात दिली. आणि मग अशा टाळ्या पडल्या, की भटजींनी संधी साधून तिथल्या तिथं अंतरपाट धरला. नवरी समोर येऊन उभी राहिली. मंगलाष्टकं सुरू झाली.

स्टेजच्या कडेला फाटक्या बनियनमध्ये चाचा उभे होते. कुणीतरी त्यांच्या मुठीत अक्षता दिल्या होत्या. शेजारी चाची येऊन उभ्या राहिल्या, भर मंडपात त्यांचा हात धरून. व्हिडिओवाल्याचा कॅमेरा अजून चाचांवरच होता. त्यानं हळूच विचारलं, "चाचा, कट म्हणू का?"

"कट कशाला म्हणतो येड्या!" चाचा अक्षता उधळत ओरडले. डोळ्यांतलं पाणी पुसायचंही त्यांना भान नव्हतं. "लग्न लागून राहिलंय!"